मदत हवी आहे: ईयोब शेवटी नक्की काय म्हणतो?

नमस्कार मंडळी, बायबलमधलं ईयोबचं पुस्तक (मुलंबाळं, गुरंढोरं सगळं गमावून देवाला जाब विचारणाऱ्या देवभक्त माणसाची गोष्ट) दुसऱ्यांदा वाचतोय आणि ४२व्या अध्यायाच्या सहाव्या ओवीवर गाडी अडकलीये. माझ्याकडच्या मराठी बायबलमध्ये तो धुळीत-राखेत पश्चात्ताप करतो असं आहे, पण मूळ हिब्रू क्रियापद 'नाखम' म्हणे सांत्वन होणं या अर्थानेही येतं, आणि दुसऱ्या अध्यायात ते तीन मित्र त्याचं सांत्वन करायला येतात तिथेही हाच धातू आहे!! मग हा माणूस माफी मागतोय की त्याचं मन शांत झालंय? कारण लगेच पुढच्याच ओवीत देव त्या मित्रांवरच भडकतो, की तुम्ही माझ्याबद्दल ईयोबसारखं खरं बोलला नाहीत. मग पश्चात्ताप कसला?

(ते मित्र सात दिवस सात रात्री गप्प जमिनीवर बसले तेवढंच बरं होतं, तोंड उघडलं आणि सगळं बिघडलं.)

अजून एक, शेवटी देव त्याला गमावलेलं परत देतो तेव्हा मेंढरं ७००० ची १४००० होतात, मुलं मात्र परत दहाच, हे मुद्दाम आहे का?

हिब्रू येणारं कुणी आहे का इथे? आणि पंडिता रमाबाईंनी मूळ भाषेवरून केलेलं भाषांतर कुणाकडे असेल तर त्या ओवीचा फोटो टाका ना प्लीज.