कलम 18 च्या निकालावर आठ वर्षांनी अपील होईल का?

राजापूरकर:
आमची 62 गुंठे वरकस आणि त्यातली 14 हापूस कलमं 2006 ला पाटबंधारे प्रकल्पात गेली. जुन्या (1894 च्या) भूसंपादन कायद्याच्या कलम 18 खालचा, म्हणजे वाढीव मोबदल्याच्या मागणीवरचा कोर्टाचा निकाल 12 जून 2017 चा. नकलेला अर्ज 20 जुलैला, नक्कल तयार 4 ऑगस्टला. शेजारच्या गटवाल्यांनी वेळेत अपील केलं, त्यांचा दर वाढला. आमच्याकडून काका अर्जदार होते, ते 2018 ला वारले. बाकी हिस्सेदार सगळे चाकरमानी. आता अपील घेतील का? की दुसऱ्यांच्या निकालावरून वाढ मागायचं कलम 28-अ लावावं?

नक्कलखाना:
28-अ विसरा, ते कलम 18 चा अर्ज केलाच नाही अशांसाठी. तुमचं अपील कलम 54 खाली हायकोर्टात, मुदत 90 दिवस. नकलेचे 16 दिवस वजा होतात, म्हणजे मुदत 26 सप्टेंबर 2017 ला संपली. विलंब तिथून मोजा. दिवसांचा आकडा चुकला की रजिस्ट्री (हायकोर्टाचं कार्यालय) हरकत काढणारच. मुदत मोजताना कोविडकाळ वगळायची सूट (15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022) आपसूक लागत नाही, कारण मुदत त्याआधीच संपलेली.

आणि 18 ऑगस्ट 2025 पासून रत्नागिरी, सिंधुदुर्गसाठी हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच. रायगडवाल्यांना मुंबईच.

सड्यावरचा:
"शेजाऱ्याला जास्त मिळालं" एवढ्यावर विलंब माफ होत नाही. एप्रिल 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने भूसंपादनाच्याच प्रकरणात 5,659 दिवसांचा विलंब माफ करायला नकार दिला. तिथेही मयताचे वारसच आले होते. उलट 2014 मध्ये हरियाणातल्या शेतकऱ्यांना माफी मिळाली, पण विलंबाच्या काळाचं व्याज सोडून. ते व्याज नको असं प्रतिज्ञापत्रात आधीच लिहून द्या. पहिलं वर्ष सोडलं तर व्याजाचा दर 15 टक्के: मोबदला 2 लाखांनी वाढला तर वर्षाला 30,000, आठ वर्षांचे 2,40,000. मुद्दलापेक्षा जास्त! सरकारी वकिलांचा मुख्य विरोध तिथेच असतो.

कारण वर्षावार मांडा: आजारपणाचे कागद, मृत्यूचा दाखला, वारस फेरफार कधी मंजूर झाला, कोणाला निकाल कधी कळला. गणपतीला गावी आल्यावर कळलं असेल तर तेच लिहा, पण कोणत्या साली ते घाला. 2018 ते 2021 कोरं राहिलं तर अर्ज तिथेच पडेल.

राजापूरकर:
फेरफार 2021 चा आहे. एक चुलत भाऊ सही देत नाही.

नक्कलखाना:
सही देत नसेल तर त्याला जाबदार (अपिलातला विरुद्ध पक्षकार) करा, अपील अडत नाही. फेरफारानंतरची चार-पाच वर्षं मात्र तुमच्या गळ्यात आहेत, तिथे खरं कारण लागेल. कोर्ट फी फक्त मिळालेल्या आणि मागितलेल्या रकमेच्या फरकावर. तेव्हा आकडा उगाच फुगवू नका. शेजाऱ्यांच्या हायकोर्टातल्या निकालाची नक्कल जोडा, पण आधी कलम 4 ची (संपादनाची पहिली) अधिसूचना दोघांची एकच आहे ना, ते बघा.