पंचायतीचे गाळे: जुन्या गाळेधारकाला असं उठवायचं का?

गाळा नंबर ७
परवा सकाळी दुकान उघडायला गेलो तर शटरवर नोटीस. खळ अजून ओलीच होती. सात दिवसांत गाळा रिकामा करून किल्ली कार्यालयात जमा करा, नाहीतर पोलीस बंदोबस्तात ताबा घेऊ. कारण एका ओळीत: मासिक सभेच्या ठरावानुसार फेरलिलाव.

१९९६ साली वडिलांनी पाच हजार अनामत भरून लिलावात हा गाळा घेतला. तेव्हा स्टँडसमोर नुसत्या बाभळी होत्या, सातनंतर तिकडे कुणी फिरकत नव्हतं. फरशी, शटर, विजेचा मीटर, सगळं आमच्या पैशानं. आज मी तिथं तीन शिलाई मशिनी चालवतो, लग्नसराईचे ब्लाउज अर्धे शिवून पडलेत. भाडं एकदाही थकवलं नाही. जागा पंचायतीची, हे मान्य. भाडं वाढवा, तेही मान्य. पण बोलावून एक शब्द न विचारता बाहेर काढायचं?

ग्रामसभेतला एक
दादा, तुमचं दुःख कळतं, पण गावाचंही ऐका. गाळे बारा, भाडं महिना चारशे. समोरच्या खासगी इमारतीत तेवढाच गाळा साडेतीन हजाराला जातो. बारापैकी पाच ठिकाणी मूळ माणूस बसतच नाही. पोटभाडेकरूकडून तीन हजार घ्यायचे आणि पंचायतीत चारशे भरायचे, हा धंदा सगळ्या गावाला माहीत आहे. इकडे पाणीयोजनेचं वीजबिल थकलं की मोटार बंद आणि बाया हंडे घेऊन हापशावर. बचत गटाच्या बायकांनी गाळा मागून दोन वर्षं झाली, उत्तर एकच: रिकामा नाही. गावाची मालमत्ता बापाकडून मुलाकडे वारसानं जाते का?

गाळा नंबर ७
पोटभाडेकरू ठेवलेत त्यांना काढा ना! पंचनाम्यावर मी सही करतो. पण त्यांच्यात आणि माझ्यात फरकच नाही का?

तालुका कोर्टातला वकील
दोघांनाही न आवडणारं सांगतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ स्थानिक प्राधिकरणाच्या जागांना लागू नाही, आणि ग्रामपंचायत त्यात मोडते. त्यामुळे ‘आम्ही जुने भाडेकरू, आम्हाला उठवता येत नाही’ हा भ्रम सोडा. पण म्हणून पंचायत मनाला येईल तसं वागू शकत नाही. लेखी करार संपला असेल आणि भाडं महिन्याच्या महिन्याला घेतलं जात असेल, तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम १०६ प्रमाणे निदान पंधरा दिवसांची नोटीस लागते. सात दिवसांची नोटीस तिथंच लंगडी पडते. मुंबई पोर्ट ट्रस्टच्या भाडेकरूच्या प्रकरणात, द्वारकादास मर्फतिया खटल्यात, सर्वोच्च न्यायालयानं १९८९ सालीच सांगितलंय की भाडे कायद्यातून सूट मिळालेल्या सार्वजनिक मालकानंही वाजवी आणि लोकहिताचंच वागलं पाहिजे. त्याला खासगी घरमालकासारखी मनमानी करता येत नाही. आणि ठरावाची प्रत आधी मागा. अशा भाडेपट्ट्याला जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांची मंजुरी लागते, ती तुमच्या १९९६ च्या कराराला होती का, हेही बघा. नसेल तर ती बाजू तुमच्यावरच उलटेल.

बाजारकरी
फेरलिलावात अनामत दोन लाख ठेवली तर बचत गट घेणार की तालुक्याचा मोबाइलवाला? हे आधी ठरवा. गावातला शिंपी उठवून बाहेरचा शोरूमवाला बसवायचा असेल तर गावाचं हित कसलं?

ग्रामसभेतला एक
हे खरं आहे. अनामत कमी ठेवावी आणि दोन गाळे बचत गटांसाठी राखावेत, हा विषय मी ग्रामसभेत मांडतो. स्वतः दुकान चालवणाऱ्याला लिलावातल्या सर्वात जास्त बोलीएवढं भाडं द्यायची पहिली संधी मिळावी, यालाही माझी हरकत नाही. पण चारशे रुपये विसरा. आणि तुमच्या उत्तरात पोटभाडेकरू कुणी ठेवलेत ती नावं लिहा, मोघम नको.

गाळा नंबर ७
काल रात्री ट्रंक उपसली. अनामतीची पावती सापडली, शाई उडालीय पण शिक्का वाचता येतो. उद्या लेखी उत्तर देऊन पोच घेतो. नावंही लिहितो. पहिलं नाव माझ्या सख्ख्या चुलत्याचं येतंय, तरी लिहितो.