सॉनी रॉलिन्सच्या लाइव्ह रेकॉर्डवर सम कुठे धरायची?

ठेकेदार_मुलुंड
मी तबलजी. पोटापाण्याला नोकरी, संध्याकाळी कथ्थकच्या क्लासला साथ. जॅझमधलं ओ की ठो कळत नाही, हे आधीच कबूल करतो. पुतण्याने 'अ नाइट अ‍ॅट द व्हिलेज व्हॅनगार्ड' मोबाइलवर टाकून दिलं आणि महिनाभर मुलुंड ते सीएसएमटी तेच चाललंय. त्याने सांगितलं ते एवढंच: ३ नोव्हेंबर १९५७, न्यूयॉर्कमधला एक तळघरातला क्लब, सॅक्सोफोन, बेस आणि ड्रम. पियानो नाही, गिटार नाही.

घोडं अडलंय 'सनीमून फॉर टू'वर. धून अगदी साधी, वरून खाली उतरणारी, तीच तीनदा. मांडीवर मात्रा मोजल्या: सोळा, सोळा, सोळा. म्हटलं, हा तर आपला तीनताल! मग सॅक्सोफोनवाला रॉलिन्स सुटतो आणि दोन मिनिटांत माझी सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, गायब. लय हातात असते, पण आपण कुठे आहोत तेच कळत नाही. परवा घाटकोपरला मी झोकात समेवर मान टाकली, तर ड्रमवाला भलतीकडेच. समोरच्या काकांना वाटलं मला डुलकी लागली, त्यांनी सरकून जागा दिली.

आमच्याकडे तबल्याला आवर्तन दाखवत राहणारी धून असते, लेहरा. इथे तो लेहरा कोण धरतो?

काळी_पाच
दादा, मोजणी बरोबर आहे, फक्त सोळावर थांबू नका. हा बारा बारचा ब्लूज. बार चार मात्रांचा, म्हणजे आवर्तन ४८ मात्रांचं. तुमचे तीन तीनताल मिळून यांचा एक फेरा. धून तीनदा येते तोवर तो पुरा होतो. पुढे धून जाते, फेरा तसाच फिरत राहतो.

लेहऱ्याचं काम बेसवर आहे. पेटी असेल तर काळी पाच, म्हणजे पाचवी काळी पट्टी, सा धरा. पहिल्या सोळा मात्रा साच्या घरात. सतराव्या मात्रेला बेस मध्यमाकडे जातो, आठ मात्रा तिथे काढून परततो. तेहतिसाव्यापासून पंचमाच्या वाटेने फिरून घरी. बेसवाला विल्बर वेअर प्रत्येक वेळी अगदी तोच सूर वाजवेल असं नाही, सुरांच्या बाबतीत कंजूष माणूस आहे, पण मध्यमाकडची ती ओढ कानाला लागली की दुसरा सोळा सुरू झाला हे कळतं. पियानो असता तर त्याने दर वळणावर पाटी लावली असती. रॉलिन्सला ती नकोच होती. त्याच वर्षीच्या त्याच्या 'वे आउट वेस्ट' या रेकॉर्डमध्येही पियानो नाही.

आणि जोर शोधू नका. जॅझमध्ये हाय-हॅटची, म्हणजे ड्रमवाल्याच्या पायाखालच्या झांजांची, टाळी सहसा दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर पडते. तिला सम समजलात तर कायम शेजारच्या घरात जाऊन बसाल. त्यात ड्रमवर हा एल्विन जोन्स! एकेका मात्रेचे तीन तुकडे करून असा पसरवतो की पहिली मात्रा वाळूत पडलेल्या सुईसारखी.

रंगभवनचा_जुना
मला मात्रा कळत नाहीत, पण हा माणूस मी डोळ्यांनी पाहिलाय. १९७८, जॅझ यात्रा हा महोत्सव, मुंबईत धोबीतलावचं रंगभवन. लालबागहून मित्राबरोबर गेलो होतो. सॅक्सोफोन म्हणजे लग्नाच्या बँडमधला नाहीतर सिनेमातला मनोहारी सिंग यांचा, एवढीच आमची अक्कल. वरती उघडं आकाश आणि तो सूर... जाऊ दे, रंगभवनचं आता काय बोलायचं.

गंमत सांगतो. त्याच्याही आधी, साठच्या दशकाच्या अखेरीला, रॉलिन्स मुंबईत येऊन पवईला स्वामी चिन्मयानंदांच्या आश्रमात राहून गेला होता. योग, वेदान्त शिकायला. तेव्हा पवई म्हणजे झाडी आणि तलाव.

ठेकेदार, याच रेकॉर्डवरचं 'अ नाइट इन ट्युनिशिया' दोनदा ऐका. एक त्याच दिवशीच्या दुपारच्या बैठकीतलं, त्यात ड्रमवर पीट ला रोका, बेसवर डोनाल्ड बेली. दुसरं रात्रीचं, वेअर आणि जोन्सचं. मूळ एलपीत दुपारचंच होतं, सीडीच्या जोड संचात दोन्ही आहेत.

ठेकेदार_मुलुंड
जमलं! म्हणजे थोडंसं. काल बायकोची पेटी काढली, काळी पाच दाबून ठेवली आणि गाणं लावलं. मध्यमाला सा टोचायला लागतो आणि तिथेच कळतं. चार फेरे सलग धरले, पाचव्याला पडलो. पडलो त्याचं कारणही सापडलं: रॉलिन्स पंधराव्या मात्रेला वाक्य सुरू करतो आणि सतराव्यावरून बिनधास्त बोलत पुढे जातो. आमच्यात सगळं चालून येतं ते समेवर, हा सम रस्त्यातला सिग्नल असल्यासारखी ओलांडतो. पण हरवत नाही, हे पेटीने दाखवलं. धुनेचाच एक तुकडा उचलतो, उलटापालटा करतो, लांबवतो. आपल्या गायकाची हळूहळू फुलवत नेण्याची बढतच की ही, फक्त घाईतली.

काका, ट्युनिशिया दोन्ही ऐकली. दुपारचा ड्रमवाला माझ्या आवाक्यातला वाटला, रात्रीच्याने पार झोपवलं. काळी_पाच, त्यात फेरा किती मात्रांचा? मी १२८पर्यंत पोचलो तेवढ्यात भायखळा आलं आणि गर्दीत कानातला एक इअरफोन पडला.

काळी_पाच
१२८च. अधेमधे जादा तुकडा येतो तो वेगळा मोजा. इअरफोन सापडला का?