सोंग घ्यायचं, आणायचं की काढायचं?

देवगडहून प्रश्न :
कॉलेजच्या अंकासाठी गिलियन वेअरिंग या ब्रिटिश व्हिडिओ-कलावतीवर टिपण लिहितेय. १९९४ मध्ये तिने जाहिरात दिली होती : कॅमेऱ्यापुढे मनातलं सगळं कबूल करा, वेशांतराची सोय आहे. लोक मुखवटे आणि खोटे केस लावून बसले आणि एरवी उघड्या तोंडाने बोलले नसते ते बोलून गेले. पुढे २००३ मध्ये आई, वडील, भाऊ यांच्या चेहऱ्यांचे सिलिकॉनचे मुखवटे स्वतः चढवून तिने स्वतःचेच फोटो काढले. त्यात डोळे तेवढे तिचे.
या 'सेल्फ-रिप्रेझेंटेशन'ला मराठीत काय म्हणू? 'आत्मप्रतिनिधित्व' लिहिलं तर ग्रामपंचायतीची निवडणूक आठवली. 'अस्मिता' लिहावं तर मोर्चाच निघतो.

कुडाळहून :
सोंग म्हणा की! दशावतारातला नट देवळाच्या आडोशाला आरसा घेऊन बसतो आणि आपला रंग आपणच लावतो. कोणी विचारतं, "आज खंयचा सोंग?" तो म्हणतो, "द्रौपदी." यात फसवणूक कुठे आली? सोंग 'घेणं' वेगळं, 'आणणं' वेगळं. आणलेलं सोंग खोटं.

रत्नागिरीहून :
क्रियापदावर एवढा भार टाकू नका. झोपेचं सोंगही 'घेतात'च, आणि ते अस्सल खोटं असतं. फरक षष्ठीत आहे. झोपेचं, आजाराचं, वेडाचं सोंग, म्हणजे एखाद्या अवस्थेचं, समोरच्याला कळू द्यायचं नसतं. राधेचं, रावणाचं सोंग, म्हणजे कुणा व्यक्तीचं, कळलं नाही तर मजाच गेली. पैशाचं सोंग आणता येत नाही म्हणतात ते पहिल्या जातीचं. वेअरिंगबाईंचं दुसऱ्या.
जाता जाता : शिमग्यात आपण सोंग 'काढतो', म्हणजे घालून मिरवतो. पुण्याच्या पाहुण्याला वाटलं, उतरवून ठेवलं!
आणि अस्मितेला मोर्च्यात सोडू नका. योगसूत्रांत ती पाच क्लेशांपैकी एक. पाहणारा आणि पाहण्याचं साधन एकच वाटू लागणं, ती अस्मिता (२.६). कॅमेऱ्यापुढे स्वतःलाच बसवणाऱ्या बाईसाठी यापेक्षा नेमकं काय हवं? पण आज वाचक तो अर्थ घेणार नाही, म्हणून मत सोंगालाच.

कुडाळहून :
षष्ठीचं पटलं. तरी जाहिरात वाचून आलेल्या त्या लोकांचं काय? त्यांनी ना राधेचं सोंग घेतलं, ना आजाराचं. नुसता चेहरा झाकला. त्याला मी सोंग म्हणणार नाही; 'तोंड लपवणं' म्हणेन, आणि तेही वाईट अर्थाने नाही.

देवगडहून :
हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. म्हणजे १९९४ साठी 'मुखवटा' आणि २००३ साठी 'सोंग', असे दोन शब्द ठेवते. मथळा 'आईचं सोंग' केलाय. तो आईला वाचून दाखवला, तर म्हणाली, "माझा सोंग घेतलंस तर कुंकू मोठा लाव."