मदत हवी आहे: यानुश गायोस यांची ओळख कुठून सुरू करावी?

नमस्कार मंडळी,

आमच्या फिल्म सोसायटीत पुढच्या महिन्यात पोलिश अभिनेते यानुश गायोस यांचे तीन चित्रपट दाखवायचे ठरले असून, प्रेक्षकांना वाटायच्या चार पानी पुस्तिकेचा मजकूर लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. दोन मसुदे लिहून झाले, पण दोन्हींत एकाच जागी अडलो, म्हणून जाणकारांचे मत हवे आहे.

गायोस यांचा जन्म १९३९ सालचा, दोंब्रोवा गुर्निचा या कोळसा खाणींच्या भागातल्या गावातला. वुच येथील चित्रपट विद्यालयाने त्यांना तीनदा नाकारले आणि चौथ्यांदा प्रवेश दिला. पुढे १९६६ मध्ये पोलिश दूरचित्रवाणीवर ‘चार रणगाडेवाले आणि एक कुत्रा’ ही २१ भागांची युद्धमालिका सुरू झाली. तिच्यातला ‘रुडी’ नावाचा रणगाडा, शारिक हा कुत्रा आणि गायोस यांनी साकारलेला तरुण सैनिक यानेक कोस यांनी तिथल्या मुलांना इतके वेड लावले की नंतर कित्येक वर्षे लोकांना या नटात यानेकखेरीज दुसरे कुणी दिसेना. त्यानंतर ओल्गा लिपिन्स्का यांच्या दूरचित्रवाणीवरील प्रहसनांत त्यांनी तुरेत्स्की नावाचा शिपाई (प्यून) रंगवला. तोही तितकाच गाजला, म्हणजे एका चौकटीतून सुटून ते दुसरीत अडकतात की काय, अशी वेळ आली.

मग रिशार्ड बुगायस्की यांचा ‘चौकशी’ आला. स्टालिनच्या काळातल्या तुरुंगात एका निरपराध गायिकेचा छळ करणाऱ्या मेजरची भूमिका त्यात गायोस यांनी केली आहे, आणि समोर क्रिस्टिना यांदा आहेत. चित्रपट १९८२ मध्ये पूर्ण झाला, पण देशात लष्करी कायदा लागू असल्यामुळे त्यावर बंदी आली आणि चोरून फिरणाऱ्या व्हिडिओ कॅसेटींवरच लोकांनी तो पाहिला. तो चित्रपटगृहांत लागायला १९८९ उजाडले. पुढच्या वर्षी यांदा यांना कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

माझी अडचण इथेच आहे. ज्या चेहऱ्यावर एका पिढीने लहानपणी जीव लावला, तोच चेहरा छळ करणाऱ्याचा होतो, तेव्हा पोलिश प्रेक्षकाला बसलेला धक्का आपल्या प्रेक्षकाला कसा कळावा? यानेकपासून सुरुवात केली तर पुस्तिका त्याच्यातच अडकून पडते, आणि त्याला वगळले तर मेजरचे वजन निम्मे होते. प्रयोगाआधी मालिकेतला दहा मिनिटांचा तुकडा दाखवावा, असा एक विचार आहे. असा प्रयोग कुणी केला असल्यास त्याचा परिणाम कसा झाला, ते कृपया सांगावे.

दुसरा प्रश्न निवडीचा आहे. क्येश्लोव्स्की यांच्या ‘तीन रंग: पांढरा’ (१९९४) मध्ये गायोस यांची भूमिका दुय्यम असली तरी माझ्या मनातून ती जात नाही. जगण्याला कंटाळलेला मिकोवाय पैसे देऊन स्वतःलाच मारायला सांगतो, भुयारी रेल्वेच्या स्थानकात मित्र त्याच्या छातीवर पिस्तूल झाडतो, तो कोसळतो, आणि मग कळते की गोळी खोटी होती. आता खरी झाडू का, असे मित्र विचारतो तेव्हा मिकोवायचा चेहरा जे सांगतो, ते कुठल्याही संवादाने साधले नसते. पण ज्या चित्रपटाचा नायक दुसराच आहे, तो गायोस यांच्या नावाने दाखवणे योग्य ठरेल का? की त्याऐवजी मार्चेव्स्की यांचा ‘स्वातंत्र्य चित्रपटगृहातून पलायन’ (१९९०) घ्यावा, ज्यात ते थकलेल्या सेन्सॉर अधिकाऱ्याच्या मध्यवर्ती भूमिकेत आहेत? शेवटी मावगोझाता शुमोव्स्का यांचा ‘देह’ (२०१५) ठेवायचा, हे मात्र नक्की आहे.

पोलंडमध्ये राहणाऱ्या सभासदांना आणखी एक विनंती आहे. वर लिहिलेल्या नावांचे उच्चार तपासून द्यावेत. पुस्तिका छापायला जाण्याआधी माझ्या हाती दहा दिवस आहेत.