२०९० सालचं खारघर : मन घडवणारी इमारत कशी बांधाल?

सेक्टर_पस्तीस :
विज्ञानकथेसाठी एक वास्तुशैली रचतोय, नाव तूर्तास 'चित्तघडण'. खारघर, सात मजले. इथली माणसं वर्षभरात हळू बोलायला लागतात, वेळेवर झोपतात, शेजाऱ्याला नावाने ओळखतात. मेंदूत चिप नाही, भिंतीत हुशार संगणक नाही. जे काही व्हायचं ते भिंत, छत, खिडकी आणि अंगणानेच. मापं अशी हवीत की वाचणारा इंजिनिअर हसणार नाही. काय चालेल, आणि पावसाळ्यात काय फसेल?

घुमट :
आवाजापासून सुरुवात करा, तिथलं गणित पक्कं आहे. गोंगाटात माणूस नकळत आवाज चढवतो. याला लोंबार्ड परिणाम म्हणतात, १९११ पासून माहीत आहे. खोलीच शांत केली की 'हळू बोला'ची पाटी लावावी लागत नाही.

१० बाय १२ फुटांची खोली, छत २.७५ मीटर, म्हणजे साधारण ३० घनमीटर. सॅबिनचं सूत्र : घुमण्याचा काळ (आवाज विरायला लागणारे सेकंद) = ०.१६१ × घनफळ ÷ शोषण (आवाज पूर्ण गिळणारं जितकं क्षेत्र, तितके चौरस मीटर). नुसत्या टाइल्स आणि प्लास्टर असेल तर शोषण दोन चौरस मीटरच्या आत, उत्तर अडीच सेकंदांच्या आसपास. तुम्हाला ०.४ सेकंद हवाय, म्हणजे १२ चौरस मीटर शोषण. ०.८ गुणांकाचा, म्हणजे आदळलेल्या आवाजाचा ८० टक्के भाग गिळणारा माल घेतलात तर १५ चौरस मीटर लागेल. छत जेमतेम ११ भरतं, उरलेला माल पलंगाच्या उशाशी भिंतीवर.

माल म्हणजे ५० मिमी रॉकवूल (दगडी लोकर), मागे ५० मिमी पोकळी, पुढे भोकं पाडलेला प्लाय. फसतं ते इथे. पोकळी न ठेवता थेट स्लॅबला चिकटवलंत तर वरच्या बाथरूमची गळती आत मुरते आणि गणपतीपर्यंत बुरशीचा वास सुटतो. ओल लागू नये म्हणून जाड प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलंत तर वरच्या पट्टीचे आवाज परत फिरतात, तेव्हा पातळ फिल्मच वापरा. आणि ढोल-ताशा या लोकरीने थांबत नाही. त्याला वजन लागतं, नऊ इंची भिंत लागते, आणि खिडकीला चारही बाजूंनी रबर. खिडकीला फट राहिली की भिंतीचे पैसे पाण्यात.

तिरपं_ऊन :
झोपेचा भाग प्रकाशाकडे सोपवा. डोळ्यातल्या ज्या पेशी मेंदूचं घड्याळ लावतात त्यांना ४८० नॅनोमीटरच्या आसपासचा निळसर प्रकाश सर्वाधिक लागतो. म्हणून दिवसा डोळ्याच्या पातळीवर भरपूर उजेड (उजेड मोजायचा मीटर उभा धरून मोजा, टेबलावर आडवा नाही), आणि झोपायच्या तीन तास आधीपासून छताचे दिवे बंद, गुडघ्याच्या उंचीवर २२०० केल्विनचे पिवळे दिवे.

खिडकीपासून समोरच्या भिंतीपर्यंतचं अंतर खिडकीच्या माथ्याच्या उंचीच्या अडीचपटीपेक्षा जास्त नको. लिंटेल (खिडकीवरची आडवी तुळई) २.१ मीटरवर असेल तर पाच मीटरच्या पुढे जुलैत अंधारच. आणि आपल्याकडे मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत दुपारचा सूर्य उत्तरेला असतो, तेव्हा उत्तरेलाही छज्जा हवा. परदेशी नकाशे उतरवणारे हेच विसरतात.

बॉक्सग्रिल :
शेजाऱ्याच्या ओळखीसाठी लांब जायला नको. बेलापूरला वास्तुविशारद चार्ल्स कोरियांनी ऐंशीच्या दशकात केलेली आर्टिस्ट्स व्हिलेज ही वसाहत बघून या. सात घरांमध्ये ८ बाय ८ मीटरचं अंगण, असे तीन गट मिळून २१ घरांना १२ बाय १२ चं. सात घरांत नाव न कळणं अवघडच. तुमच्या इमारतीत प्रत्येक मजल्याला सात दारं एका चौकात उघडू द्या, लिफ्टही चौकातच.

पण तिथला दुसरा धडाही घ्या. घर वाढवता यावं म्हणून प्रत्येक घराची भिंत स्वतंत्र ठेवली होती, आणि लोकांनी इतकं वाढवलं की बरीच मूळ घरं ओळखूही येत नाहीत. तुमची माणसंही गॅलरी आत घेतील, बॉक्स ग्रिल ठोकतील, चौकात चपलांचं कपाट आणि सायकली आणतील. शैलीत या गोष्टींना जागा ठेवा. नाहीतर पहिल्या दिवाळीतच चित्तघडणीवर ताडपत्री.

उलट टोकाचं हवं असेल तर आराकावा-गिन्स या कलाकार-वास्तुकार जोडीने तोक्योच्या मिताकात २००५ मध्ये केलेली घरं बघा. जमीन मुद्दाम उंचसखल, शरीर सतत सावध राहावं म्हणून. आपल्याकडे लादी पुसणाऱ्या मावशी पहिल्या आठवड्यात काम सोडतील.

सेक्टर_पस्तीस :
छान! एक राहिलं. एका मजल्यावरचे लोक सकाळी जड डोक्याने, चिडचिडे उठतात. वास्तूतच कारण हवंय.

घुमट :
हवा. स्प्लिट एसी आतलीच हवा फिरवतो, बाहेरची आणत नाही. झोपलेली दोन माणसं तासाला साधारण २४ लिटर कार्बन डायऑक्साइड सोडतात. तीच ३० घनमीटर खोली पूर्ण बंद असेल तर तासाला ८०० पीपीएमची (हवेच्या दहा लाख भागांत ८०० भाग) वाढ, आणि बाहेरची पातळी आहे ४२० च्या आसपास. फटींतून थोडी हवा जाते-येते, तरी पहाटे आकडा सहज २००० च्या वर. शैलीत खिडकीवर झरोका दाखवा, आणि त्या मजल्यावर तो कोणीतरी 'डास येतात' म्हणून थर्माकोलने बुजवलेला.