घरातलं भांडण नाटकात कसं लिहावं?

तिसरी_घंटा: हल्ली एकांकिकांच्या संहिता वाचतोय. दर दुसरीत मुलगा बापाला सुनावतो, "तुम्ही मला कधी समजूनच घेतलं नाहीत!" झालं, अंधार, टाळ्या. माझं म्हणणं, घरातली माणसं मूळ दुखण्यावरून भांडतच नाहीत. वस्तूवरून भांडतात. एलकुंचवारांचं 'वाडा चिरेबंदी' (१९८५, विजया मेहतांनी बसवलेलं) आठवा. घरातले कर्ते तात्याजी गेलेत. तेराव्याचा खर्च कोणी करायचा, सोनं कोणाच्या ताब्यात, यावर देशपांड्यांचं घर धुमसतंय. खालचा हिशेब निराळाच: वाडा कोणी ओढला आणि मुंबईला कोण निघून गेलं. अंगणात ट्रॅक्टर गंजत पडलाय, त्यावर भाषण द्यावं लागत नाही. आणि रात्री थोरली सून, वहिनी, ते सगळे दागिने अंगावर घालते तो प्रवेश! तिला आयुष्यभर काय मिळालं नाही ते तेवढ्यात कळतं.

वऱ्हाडी_ठेचा: वाडा आमच्याच विदर्भातला, तरी पटलं नाही. धुमसत बसणं ही वाड्यांची चैन. आमच्याकडं वाटणीच्या दिवशी बांधावर तीन पिढ्यांचं निघतं, अख्खं गाव ऐकतं. तेंडुलकरांच्या 'गिधाडे'त काय झाकलंय? पोरं पैशासाठी बापाच्या अंगावर जातात. १९७० साली सेन्सॉरला साडीवरचा रक्ताचा डाग खुपला, तेव्हा दिग्दर्शक डॉ. श्रीराम लागूंनी डाग निळा केला आणि 'तो लाल समजा' असं प्रेक्षकांना सांगून प्रयोग केले.

तिसरी_घंटा: म्हणजे तिथंही भांडण पैशावरूनच ना? शिव्या देणं आणि मनातलं सांगणं यात फरक आहे, साहेब.

विंगेतून: मी नाटकात काम करते, म्हणून बोलते. या 'न बोलण्या'च्या नावाखाली आम्हा बायकांच्या हाती चहाचा ट्रे येतो. आई गप्प, सून गप्प, याला लेखक 'ताण' म्हणतो. 'वाडा चिरेबंदी'तली घरची मुलगी प्रभा बघा: शिकायचं होतं, शिकू दिलं नाही, तो राग तिच्या साध्या वाक्यातही असतो. गप्प बाईलाही काहीतरी हवं असतं, ते आधी ठरवा. नाहीतर तालमीत आम्ही नुसत्या कप उचलत राहतो.

वऱ्हाडी_ठेचा: ताईंचं मान्य. पण पोरानं बापाला तोंडावर बोलूच नये, हे नाही. बोलू द्या, पण तिथं अंधार करू नका. दुसऱ्या दिवशी त्याच बापाला दवाखान्यात न्यायचं असतं, ते लिहा.

तिसरी_घंटा: पाऊण तासाच्या एकांकिकेत?

वऱ्हाडी_ठेचा: मग बोलणं पहिल्या पाच मिनिटांत उरका.